पडद्यामागचे हात

उपवासकाळात चर्चच्या आवारात पांढरा पडदा ताणून ख्रिस्तजीवनावरील चित्रपट दाखवण्याची प्रथा आपल्या धर्मग्रामांना नवी नाही. आजी-आजोबांपासून कडेवरच्या मुलांपर्यंत सारे चटया घेऊन येत. येशूच्या खांद्यावर क्रूस चढवला जाताच काळोखात हुंदके ऐकू येत. आणि दुसऱ्या दिवशी मिस्सेनंतर त्याच दृश्यांची चर्चा होई. 'दयासागर' आपल्यापैकी अनेकांनी असाच पाहिला. फ्रांको झेफिरेल्ली ह्यांचा 'जीझस ऑफ नाझरेथ' १९७७ साली आला, मेल गिब्सन ह्यांचा 'द पॅशन ऑफ द क्राइस्ट' २००४ साली. ह्या दिग्दर्शकांची नावे आपल्याला ठाऊक आहेत. परंतु ह्या परंपरेच्या मुळाशी, शंभराहून अधिक वर्षांपूर्वी, ज्या हातांनी कॅमेऱ्याची मूठ फिरवली त्या हातांच्या धन्याचे नाव आपल्यापैकी किती जणांनी ऐकले आहे?

१९०७ साली पॅरिसच्या पाते कंपनीने प्रभू येशूच्या जीवनावर आणि दुःखसहनावर एक चित्रपट काढला. देवदूताने पवित्र मरियेला दिलेल्या निरोपापासून प्रभूच्या स्वर्गारोहणापर्यंत तीन डझनांहून अधिक दृश्ये त्यात आहेत, आणि सारा चित्रपट सुमारे पाऊण तासाचा आहे. आजच्या मानाने हा अवधी थोडा. पण ज्या काळी बहुतेक चित्रपट पाच-दहा मिनिटांत संपत, त्या काळी हे मोठेच धाडस होते. दिग्दर्शक म्हणून इतिहासात फर्दिनां झेका ह्यांचे नाव आहे. कॅमेरा मात्र ज्यांच्या हाती होता, ते गृहस्थ फ्रेंच नव्हते. स्पेनच्या आरागोन प्रांतातील तेरुएल ह्या लहानशा डोंगरी शहरातून ते आले होते. त्यांचे नाव सेगुंदो दे चोमोन. हे नाव चित्रपटाच्या आरंभी नव्हते आणि शेवटीही नव्हते.

ह्या विस्मृत कारागिराची ओळख आम्ही आज करून देऊ इच्छितो. केवळ सिनेमाच्या आवडीपोटी हा खटाटोप नाही. त्यामागे आमचे एक जुने देणे आहे. ते कोणते, हे लेखाच्या शेवटी सांगू.

तेरुएल ते पॅरिस

चोमोन ह्यांचा जन्म १७ ऑक्टोबर १८७१ रोजी तेरुएल येथे झाला. हे शहर त्याच्या चर्चच्या मनोऱ्यांसाठी प्रसिद्ध आहे. विटांच्या नक्षीत हिरव्या-पांढऱ्या चकचकीत फरशा बसवलेले हे मनोरे मध्ययुगात उभे राहिले. ख्रिस्ती राजवटीत राहिलेल्या मुस्लीम कारागिरांची, ज्यांना स्पेनमध्ये 'मुदेहार' म्हणतात त्यांची, ही शैली होय. १९८६ साली जागतिक वारशात ह्या वास्तूंचा समावेश झाला. एकेक वीट आणि एकेक फरशी हाताने बसवून केलेले हे काम बहुतांशी निनावी आहे. अशा मनोऱ्यांच्या सावलीत वाढलेल्या मुलाने पुढे आयुष्यभर तसलेच, तुकडा तुकडा जोडण्याचे आणि बहुधा निनावी राहण्याचे, काम करावे हा योगायोग आम्हांस मोठा विलक्षण वाटतो.

१८९५ च्या डिसेंबरात ल्युमिएर बंधूंनी पॅरिसमध्ये आपली हलती चित्रे लोकांना तिकीट लावून दाखवली आणि चलच्चित्राचे युग सुरू झाले. चोमोन ह्याच सुमारास पॅरिसला पोहोचले. तेथे ज्युलिएन मात्यू ह्या अभिनेत्रीशी त्यांची गाठ पडली. पुढे ती त्यांची जीवनसंगिनी झाली. १८९७ साली त्यांना रोबेर हा मुलगा झाला. मधल्या काळात चोमोन ह्यांना लष्करी सेवेसाठी क्यूबात जावे लागले. ते युद्ध स्पेन हरला. चोमोन परतले, तेव्हा ज्युलिएन फिल्म रंगवण्याच्या कामात होती. सिनेमाच्या धंद्यात चोमोन शिरले ते ह्या दाराने. ते दार उघडले एका स्त्रीने, आणि तेही कुंचला हाती धरून.

हे रंगकाम काय होते हे समजून घेतल्याशिवाय चोमोन समजणार नाहीत. त्या काळची फिल्म काळी-पांढरी होती. रंगीत चित्रपट हवा असेल तर प्रत्येक चित्र हाताने रंगवावे लागे. एकेका चित्राचा आकार पोस्टाच्या लहान तिकिटाएवढा, आणि एका सेकंदाला साधारण सोळा चित्रे पडद्यावरून सरकत. म्हणजे एका मिनिटाच्या चित्रपटासाठी हजाराच्या घरात चित्रे! भिंगाखाली फिल्म धरायची, केसाएवढ्या कुंचल्याने नटीच्या झग्याला पिवळा रंग द्यायचा, पुढच्या चित्रात तोच झगा किंचित सरकलेला असायचा, तिथे पुन्हा तोच पिवळा, रेषेबाहेर न जाऊ देता. हात जरा हलला तर पडद्यावर तो डाग माणसाएवढा दिसे. पुढे साचे कापून त्यांतून रंग भरण्याची पद्धत आली. काम जलद झाले. परंतु प्रत्येक रंगासाठी वेगळा साचा आणि प्रत्येक चित्रासाठी साच्यात वेगळी खिडकी कापावीच लागे. पातेच्या कारखान्यात शेकडो स्त्रिया हे काम करीत. त्यांच्या डोळ्यांवर आणि बोटांवर एका पिढीच्या आनंदाचा डोलारा उभा होता. त्यांतील एकीचेही नाव पडद्यावर आले नाही.

१९०२ च्या सुमारास चोमोन बार्सिलोनाला आले. तेथे त्यांनी फिल्म रंगवण्याची कार्यशाळा काढली आणि पातेच्या चित्रपटांतील मजकूर स्पॅनिशमध्ये उतरवून देण्याचे काम घेतले. इतरांची चित्रे रंगवता रंगवता ते स्वतः चित्रण करू लागले. दोन आगगाड्यांची टक्कर त्यांनी ह्याच सुरुवातीच्या वर्षांत पडद्यावर आणली. गाड्या अर्थातच खेळण्यातल्या होत्या. मात्र कॅमेरा कोठे ठेवावा, प्रकाश कसा पाडावा आणि गाडीचा वेग किती असावा ह्याचे गणित असे जमले होते की प्रेक्षकाच्या छातीत धस्स व्हावे. लहान वस्तू मोठी भासवण्याची ही विद्या पुढे त्यांची ओळख ठरली.

कोंबड्याच्या शिक्क्याखाली

१९०५ साली पाते कंपनीने त्यांना पॅरिसला बोलावले. त्या काळी करामतीच्या चित्रपटांत जॉर्ज मेलिएस ह्यांचा दबदबा होता. मूळचे जादूगार असलेल्या मेलिएस ह्यांनी १९०२ साली चंद्रावरील सफर पडद्यावर दाखवून जगाला थक्क केले होते. पातेला मेलिएस ह्यांच्या तोडीचा माणूस हवा होता, आणि तो त्यांना ह्या स्पॅनिश कारागिरात सापडला. १९०८ साली चोमोन ह्यांनी चंद्रसफरीचा एक चित्रपट केला. तो उघड उघड मेलिएस ह्यांच्या चित्रपटावर बेतलेला आहे. हा दोष आम्ही झाकणार नाही. मालक सांगेल ते करणे हा तेव्हा नोकरीचाच भाग होता.

अनुकरण बाजूला ठेवून पाहिले तर चोमोन ह्यांची स्वतःची बुद्धी लखलखीत दिसते. १९०७ सालच्या एका चित्रपटात जपानी कसरतपटूंचे कुटुंब दिसते. एक चिमुकला मुलगा आपल्या खांद्यांवर साऱ्या घरादाराचा मनोरा लीलया तोलून धरतो. हे कसे शक्य व्हावे? युक्ती सांगितली की हसू येईल. सारे कलावंत काळ्या जमिनीवर आडवे पडलेले होते आणि कॅमेरा वर, छताला टांगलेला होता! जमीन ही भिंत झाली आणि वजन नाहीसे झाले. दोरी नाही, यंत्र नाही. केवळ पाहण्याची दिशा बदलली.

१९०८ सालचा 'विजेचे हॉटेल' हा त्यांचा सर्वांत नावाजलेला चित्रपट. एक जोडपे हॉटेलात उतरते. तेथे सारे काही विजेवर चालते. पेटीतले कपडे आपोआप कपाटात जातात, बुटांना आपोआप पॉलिश होते, बाईंचे केस आपोआप विंचरले जातात, पत्र आपोआप लिहिले जाते. मग तळघरात यंत्र सांभाळणारा दारूच्या नशेत भलत्याच कळा फिरवतो आणि सारे हॉटेल वेड्यासारखे नाचू लागते. जोडप्याच्या भूमिकेत स्वतः चोमोन आणि ज्युलिएन आहेत. त्या वेळच्या कॅमेऱ्याची मूठ एकदा फिरवली की साधारण आठ चित्रे निघत. चोमोन एका वेळी एकच चित्र घेत. बूट बोटभर सरकवायचा, एक चित्र. पुन्हा बोटभर सरकवायचा, पुन्हा एक चित्र. हे तंत्र त्यांनी एकट्यानेच शोधले असे नव्हे. अमेरिकेत ब्लॅकटन ह्यांनी १९०७ साली झपाटलेल्या हॉटेलाचा चित्रपट ह्याच रीतीने केला होता. परंतु ज्या चिकाटीने आणि मिस्कीलपणाने चोमोन ह्यांनी ते वापरले, त्याला तोड नाही. आजची मुले दूरदर्शनच्या पडद्यावर मातीची बाहुली चालताना पाहतात, तिच्या आद्य शिक्षकांत ह्या गृहस्थांची गणना करावी लागते.

मग त्यांचे नाव का उरले नाही? उत्तर साधे आहे. त्या काळी चित्रपटाला श्रेयनामावली नसे. चित्रपट कंपनीचा असे. पातेचे बोधचिन्ह कोंबडा होते, आणि कोणी चित्रपट चोरून आपल्या नावावर खपवू नये म्हणून हा कोंबडा नेपथ्यातच, एखाद्या भिंतीवर वा खांबावर, चितारला जाई. चोमोन ह्यांच्या चित्रपटांत तो कोंबडा आजही दिसतो. मालकाची खूण दृश्यात, घडवणारा दृश्याबाहेर! शुभवर्तमानातील कोंबडा आरवला तेव्हा पेत्राला आपण कोणाला नाकारले ह्याचे भान आले. हा चित्रातला कोंबडा मात्र अनेक वर्षे आरवलाच नाही.

चमत्कार आणि करामत

आता ज्या चित्रपटापासून आपण आरंभ केला त्याकडे पुन्हा वळू. १९०७ च्या त्या ख्रिस्तजीवनात बेथलेहेमचा तारा मार्ग दाखवतो. पवित्र कुटुंब इजिप्तला पळून जाताना दगडी स्फिंक्सच्या सावलीत विसावते. काना येथील लग्न होते. याईराची मुलगी उठते. प्रभू पाण्यावरून चालतो. वेरोनिकेच्या वस्त्रावर मुखमुद्रा उमटते. आणि शेवटी स्वर्ग उघडतो. काही प्रती साच्यांनी रंगवलेल्या होत्या. देवदूतांच्या पंखांवरचा तो फिकट सोनेरी रंग कारखान्यातील स्त्रियांच्या हातांचा आहे, हे आता वाचकांच्या ध्यानी येईलच.

येथे एक प्रश्न भाविक मनात उभा राहतो, आणि तो टाळणे योग्य नव्हे. त्याच १९०७ साली चोमोन ह्यांनी लाल झग्यातील एका सांगाड्याचा, पाताळात स्त्रियांना बाटलीत कोंडणाऱ्या एका सैतानी जादूगाराचा चित्रपट केला. ज्या हातांनी सैतान नाचवला त्याच हातांनी प्रभूला पाण्यावरून चालवले. एकच फिल्म दोनदा प्रकाशात धरून एका चित्रावर दुसरे चित्र उमटवायचे, ही युक्ती भुतालाही चालते आणि देवदूतालाही. मग चमत्कार ही केवळ करामतच झाली काय?

आमचे नम्र मत असे की, हा आक्षेप प्रतिमेकडून नको ते मागतो. चर्चमधील लाकडी मूर्ती घडवणारा सुतार सकाळी त्याच पटाशीने बैलगाडीचे जू तासतो. म्हणून मूर्तीपुढे केलेली प्रार्थना खोटी ठरत नाही. कारागीर चमत्कार करीत नाही. चमत्कार घडला असे मानणाऱ्या माणसांसाठी तो एक खिडकी बसवतो. खिडकी स्वच्छ बसवणे एवढीच त्याची जबाबदारी. तो चित्रपट आज पाहताना आम्हांस जाणवते ते हेच की, त्यात करामतीचा मिरवण्याचा सोस नाही. सैतानाच्या चित्रपटात युक्तीवर युक्ती येते, डोळे दिपून जातात. ख्रिस्तजीवनात मात्र युक्ती आपले काम करते आणि नम्रपणे बाजूला होते. चोमोन ह्यांची वैयक्तिक श्रद्धा किती होती ह्याचा निवाडा आम्ही करणार नाही. परंतु कोणत्या कामात हात किती दाखवावा आणि किती झाकावा, हा विवेक त्यांच्यापाशी होता.

त्र्यंबकेश्वरचा समकालीन

ख्रिस्तजीवनावरील असे चित्रपट त्या काळी बंदरोबंदर फिरत जगभर पोहोचत होते. १९१०-११ च्या सुमारास असाच एक चित्रपट मुंबईत, गिरगावातील तंबूवजा चित्रपटगृहात, धुंडिराज गोविंद फाळके ह्यांनी पाहिला. पडद्यावर ख्रिस्त सरकत असताना त्यांच्या मनश्चक्षूंपुढे राम आणि कृष्ण सरकू लागले, असे दादासाहेबांनी पुढे स्वतःच लिहून ठेवले आहे. त्यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी मुंबईत लोकांपुढे आला आणि भारतीय चित्रपटाचा जन्म झाला. आपल्या प्रभूच्या चरित्राचा ह्या जन्माशी असलेला हा संबंध आपण ख्रिस्ती मराठी माणसांनी कधी विसरू नये.

फाळके ह्यांचा जन्म १८७० चा, त्र्यंबकेश्वरचा. चोमोन ह्यांचा १८७१ चा, तेरुएलचा. दोघांची भेट कधी झाली नाही. परंतु साम्य पाहा. चित्रपटाच्या तयारीत दादासाहेबांनी कुंडीत एक दाणा पेरला आणि त्याचे रोप होईपर्यंत थांबत थांबत एकेक चित्र घेतले. 'अंकुराची वाढ' हा तो छोटा चित्रपट. बूट सरकवणारे चोमोन आणि अंकुराची वाट पाहणारे फाळके एकाच विद्येचे विद्यार्थी होते. दोघेही लेखन, नेपथ्य, चित्रण, धुलाई ह्यांपैकी कशालाही हात लावण्यात कमीपणा मानत नसत. आणि दोघांच्याही पाठीशी घरातल्या स्त्रीचे हात होते. सरस्वतीबाई फाळके रात्री फिल्मला भोके पाडीत, रसायने कालवीत आणि दिवसा साऱ्या मंडळींचा स्वयंपाक करीत. ज्युलिएन मात्यू हिने रंग दिले, भूमिका केल्या, नवऱ्याच्या प्रयोगांत ती बरोबरीने उभी राहिली. आपल्याकडे दादासाहेबांच्या नावाने १९६९ पासून सर्वोच्च चित्रपट-पुरस्कार दिला जातो, हे उचितच झाले. चोमोन ह्यांच्या वाट्याला इतके भाग्य आले नाही.

ट्यूरिनची वर्षे

१९१० साली चोमोन बार्सिलोनाला परतले. जोआन फुस्तेर ह्या भागीदाराबरोबर त्यांनी स्वतःची निर्मितीसंस्था काढून पाहिली. स्वतंत्र होण्याचा हा प्रयत्न दीर्घकाळ टिकला नाही, आणि १९१२ साली इटलीतील ट्यूरिनच्या इताला कंपनीचे बोलावणे त्यांनी स्वीकारले. डॉन बॉस्कोंमुळे हे शहर आपल्या परिचयाचे आहे. गरीब मुलांच्या हाताला सुतारकी, शिवणकाम, छपाई शिकवणाऱ्या ह्या संताच्या शहरात एका हातकारागिराच्या कलेला शेवटी पुरेसे मोठे अंगण मिळाले.

तेथे जोव्हान्नी पास्त्रोने ह्या दिग्दर्शकाने १९१४ साली 'काबिरिया' हा भव्य चित्रपट काढला. एटना ज्वालामुखीच्या उद्रेकात एक बालिका हरवते; चाचे तिला कार्थेजला नेऊन विकतात; जुन्या करारातून आपल्याला ठाऊक असलेल्या मोलोख दैवताच्या अग्निमुखात तिचा बळी जाणार असतो; आणि माचिस्ते नावाचा बलाढ्य गुलाम तिला वाचवतो. ह्या गुलामाची भूमिका जेनोआच्या गोदीत ओझी वाहणाऱ्या बार्तोलोमेओ पागानो ह्या कामगाराने केली. ज्वालामुखीचा आगडोंब, आरशांनी पेटवलेले आरमार ह्यांसारख्या दृश्यांत लहान प्रतिकृती आणि दुहेरी चित्रण ह्यांचा जो मिलाफ आहे, तो चोमोन ह्यांचा. कॅमेरा चाकांच्या गाडीवर बसवून भव्य मंदिरातून हळूहळू पुढे-मागे नेण्याची योजनाही ह्या चित्रपटात आहे. गाडीचे पेटंट पास्त्रोने ह्यांनी घेतले होते. तिच्यावरून प्रेक्षकाला हलकेच आत नेणारे हात चोमोन ह्यांचे होते.

आणि जाहिरातीवर नाव कोणाचे होते? गाब्रिएले दान्नुन्झियो ह्या कवीचे! ह्या सुप्रसिद्ध साहित्यिकाने पडद्यावरील मजकूर सजवला आणि पात्रांना नावे दिली. त्याची मोठी बिदागी घेतली. चित्रपट त्यांचाच म्हणून गाजवला गेला, कारण त्या नावाने तिकिटे खपत. स्वतः पास्त्रोने ह्यांनी आपले नाव मागे ठेवले, मग कॅमेऱ्यामागच्या परदेशी माणसाची काय कथा? नावाला किंमत असते हे व्यापाऱ्याला कळते. पण किंमत ज्या कामामुळे आली ते काम कोणाचे, हा प्रश्न व्यापारी विचारत नाही. तो इतिहासकाराने विचारायचा असतो, आणि धर्माची चाड असणाऱ्याने तर अगत्याने विचारायचा असतो.

१९१७ साली, पहिले महायुद्ध ऐन भरात असताना, पास्त्रोने आणि चोमोन ह्यांनी 'युद्ध आणि मोमीचे स्वप्न' हा चित्रपट केला. मोमी नावाच्या लहान मुलाचा बाप आघाडीवर आहे. बापाचे पत्र घरात वाचले जाते. मोमी झोपी जातो, आणि स्वप्नात त्याच्या बाहुल्या सैन्य उभारून एकमेकांवर तुटून पडतात. तोफा, विमाने, उद्ध्वस्त घरे, सारे खेळण्यातले. एकेक बाहुली, एकेक चित्र, तीच ती बोटभर हालचाल. बार्सिलोनात आगगाड्यांची टक्कर ही गंमत होती. आता तेच खेळणे युद्धाचे रूप घेऊन आले होते, आणि ज्या प्रेक्षकांपुढे ते नाचत होते त्यांपैकी कित्येकांच्या घरी आघाडीवरून पत्र येणे थांबले होते. चोमोन ह्यांच्या साऱ्या कारकिर्दीत आम्हांस हा चित्रपट सर्वांत हृदयस्पर्शी वाटतो.

अखेर

युद्धानंतर इटलीचा चित्रपटधंदा खालावला, तरी चोमोन ह्यांचे हात रिकामे नव्हते. माचिस्ते नरकात उतरतो त्या चित्रपटातील करामती त्यांच्या आहेत. १९२६ साली तो प्रदर्शित झाला. आपल्या आयुष्यात पाहिलेला पहिला चित्रपट म्हणून पुढे फेदेरिको फेलिनी ह्या श्रेष्ठ दिग्दर्शकाने ह्याच चित्रपटाची आठवण वारंवार सांगितली. १९२७ साली आबेल गान्स ह्यांचा प्रचंड 'नेपोलियन' पॅरिसमध्ये प्रदर्शित झाला. त्याच्या करामतींतही चोमोन ह्यांचा वाटा होता. म्हणजे पाते, पास्त्रोने, गान्स अशा चित्रपटसृष्टीच्या तीन मोठ्या पर्वांमध्ये हा एकच माणूस खाली मान घालून काम करताना दिसतो.

ज्या रंगकामाने आरंभ झाला त्यानेच शेवट झाला. फिल्मवरच नैसर्गिक रंग टिपण्याच्या एका नव्या पद्धतीच्या चाचणीसाठी ते मोरोक्कोला गेले आणि तेथून आजारी होऊन परतले. २ मे १९२९ रोजी पॅरिसमध्ये त्यांचे निधन झाले. वय अवघे सत्तावन्न. कुंचल्याने ज्यांनी रंग भरले, त्यांना कुंचल्याची गरजच उरणार नाही असा दिवस आणण्याची ओढ लागली होती, ही गोष्ट आम्हांस फार मोलाची वाटते. आपल्या कौशल्यावर प्रेम करणारे पुष्कळ असतात. ते अनावश्यक व्हावे म्हणून झटणारा विरळा.

त्याच १९२९ सालच्या डिसेंबरात पॅरिसने वृद्ध मेलिएस ह्यांचा मोठा गौरव केला. दिवाळे निघून रेल्वे स्थानकात खेळणी विकत बसलेल्या मेलिएस ह्यांना लोकांनी शोधून काढले होते. ते योग्यच झाले. परंतु त्यांच्याच तोडीच्या कारागिराला त्याच शहरात सात महिन्यांपूर्वी मूठमाती मिळाली होती, ह्याची जाणीव त्या दिव्यांच्या झगमगाटात फारशी कोणाला असेल असे वाटत नाही. चोमोन ह्यांचे कित्येक चित्रपट पुढे दीर्घकाळ इतरांच्या नावावर मोजले गेले. १९७२ साली कार्लोस फर्नांदेस क्वेंका आणि १९९२ साली आगुस्तीन सांचेझ विदाल ह्या स्पॅनिश अभ्यासकांनी त्यांच्यावर पुस्तके लिहिली. जुन्या फिती आणि कंपनीच्या याद्या ताडून त्यांचे काम त्यांच्या पदरात घालण्याचा उद्योग सुरू झाला. निधनानंतर चार दशके उलटून गेल्यावर तो कोंबडा अखेर आरवला म्हणायचा.

आमचे देणे

आरंभी आम्ही एका देण्याचा उल्लेख केला. काही वर्षांपूर्वी आम्ही ज्या धर्मग्रामात सेवेस होतो, तेथे चर्चच्या वर्धापनदिनाची स्मरणिका निघाली. संपादन आमच्याकडे होते. सुबक कागद, रंगीत मुखपृष्ठ, समित्यांची छायाचित्रे, देणगीदारांची रकमेच्या क्रमाने यादी, असे सारे यथासांग झाले. वाटप झाल्यानंतरच्या सोमवारी एक वृद्धा स्मरणिका घेऊन पडवीत आली. तिचा नवरा सुतार होता. तीस-पस्तीस वर्षे नाताळचा गोठा त्यानेच उभारला होता. उत्तम शुक्रवारी क्रूसावरून उतरवल्या जाणाऱ्या मूर्तीचे हात खांद्यातून वळावेत म्हणून बिजागऱ्याही त्यानेच बसवल्या होत्या. त्या हातांचे चुंबन घेण्यासाठी सारा गाव रांग लावी. तिला वाचता येत नव्हते. नातवाकडून तिने पानन् पान वाचून घेतले होते. तिने एवढेच विचारले, "फादर, ह्यांचं नाव कुठल्या पानावर आलंय? पोराला काही सापडलं नाही."

आमच्यापाशी उत्तर नव्हते. नाव कोणी मुद्दाम गाळले नव्हते. ते सुचलेच नव्हते, आणि दोष आमचाच होता. पुढच्या रविवारी मिस्सेत आम्ही त्या सुताराचे नाव घेऊन प्रार्थना केली. ती पहिल्या बाकावर बसून होती. परंतु स्मरणिका छापून झाली होती, आणि ती आजही तशीच, त्या नावावाचून, घराघरांतील कपाटांत आहे.

पवित्र शास्त्र ह्या बाबतीत आपल्यापेक्षा अधिक सावध आहे. निर्गमाच्या पुस्तकात दर्शनमंडप उभारण्याची वेळ येते, तेव्हा परमेश्वर मोशेला कारागिराचे नाव सांगतो: यहूदा वंशातील ऊरीचा मुलगा बसालेल. सोने, रुपे, पितळ, रत्ने आणि लाकूड ह्यांतील त्याचे कौशल्य हे देवाच्या आत्म्याचेच दान म्हणून सांगितले आहे. मंडपासाठी सोने कितीतरी लोकांनी दिले. त्या साऱ्यांची यादी ग्रंथात नाही. ज्याने ते सोने घडवले त्याचे नाव मात्र बापाच्या आणि आजाच्या नावासकट आहे.

ह्या वर्षी ज्या धर्मग्रामांत सणाची स्मरणिका निघणार असेल, तेथील संपादकांना आमची एक विनंती आहे. मजकूर छापखान्यात जाण्यापूर्वी एकदा चर्चच्या आवारात फेरी मारावी. गोठा कोणी बांधला, झालरी कोणी शिवल्या, घंटेचा दोर कोण बदलतो, वेदीवरची वस्त्रे कोण धुते, हे विचारावे आणि ती नावे लिहून घ्यावीत. आणि येत्या उपवासकाळात १९०७ चा तो जुना ख्रिस्तपट मिळवून कोठे दाखवला गेला, तर दिवे मालवण्यापूर्वी कोणीतरी उभे राहून सांगावे की, हे चित्रण तेरुएलच्या सेगुंदो दे चोमोन ह्यांचे आहे, आणि हे रंग ज्यांची नावे आपल्यापर्यंत पोहोचली नाहीत अशा स्त्रियांच्या हातांचे आहेत.